अपील आठ वर्षं पडून आहे, लवकर सुनावणी कशी मागायची?

पत्र:

वडिलांच्या शेतजमिनीत आणि गावातल्या दोन दुकानगाळ्यांत हिस्सा मिळावा म्हणून मी 2011 मध्ये दोन्ही भावांविरुद्ध वाटपाचा दावा लावला. 2017 मध्ये निकाल माझ्या बाजूने लागला. मात्र वडील 2001 मध्ये वारले म्हणून माझा हिस्सा भावांपेक्षा बराच कमी धरला. थोरल्या भावाने लगेच जिल्हा न्यायालयात अपील केलं. तेव्हापासून आठ वर्षं नुसत्या तारखा पडताहेत. मध्ये धाकटा भाऊ वारला, त्याच्या मुलांना नोटीस काढण्यात दोन वर्षं गेली. गाळ्यांचं भाडं थोरला भाऊ घेतो, जमीनही तोच कसतो. माझं वय 69, मी विधवा आहे, गुडघ्याचं ऑपरेशन झालंय. दर तारखेला एसटीने तीन तास जाते आणि पुढची तारीख घेऊन परत येते. वकील म्हणतात, कोर्टात गर्दी आहे, नंबर आल्यावर लागेल. कुणी सांगतं हायकोर्टात रिट करा, कुणी म्हणतं मुख्य न्यायमूर्तींना पत्र लिहा, कुणी म्हणतं वकील बदला. भावाचा निरोप येतो की थोडे पैसे घे आणि हक्कसोडपत्रावर सही कर. मी असेपर्यंत निकाल लागेल असं काही करता येईल का?

उत्तर:

ताई, करता येतं. पण हायकोर्ट, पत्रं, वकील बदलणं हे सगळं जरा बाजूला ठेवा, कारण सुरुवात त्याच्या बरीच अलीकडे आहे. तुमच्या अपिलाचा संपूर्ण रोजनामा, म्हणजे प्रत्येक तारखेला कोर्टाने केलेली नोंद, तुम्ही कधी वाचलाय का? बहुतेक नसेल. पक्षकाराला तारीख कळते, त्या तारखेला कोर्टात काय लिहिलं गेलं ते कळत नाही. वकिलांना सांगून नक्कल विभागात अर्ज करा आणि 2017 पासूनच्या रोजनाम्याची सही-शिक्क्याची नक्कल काढा. तोवर ई-कोर्ट्सच्या अ‍ॅपवर तुमच्या प्रकरणाचा सोळा अक्षर-अंकी सीएनआर नंबर टाकून नातवाला किंवा शेजारच्या कॉलेजातल्या मुलीला तारखांची यादी दाखवायला सांगा. प्रत्येक तारखेपुढे ती कशासाठी ठेवली होती ते दोन शब्दांत असतं. एका वहीत तीन रकाने आखा: तारीख, त्या दिवशी काय झालं, कुणामुळे पुढे गेलं. एक दुपार जाईल, पण आठ वर्षांचं कोडं तिथेच सुटायला लागेल.

हे एवढं आग्रहाने सांगतोय त्याला कारण आहे. काही वर्षांपूर्वी एक आजोबा माझ्याकडे असंच अपील घेऊन आले होते. त्यांनाही 'गर्दी आहे' हेच सांगितलं जात होतं. रोजनामा काढला तर ओळीमागून ओळ एकच नोंद होती, खालच्या कोर्टाचं रेकॉर्ड आलेलं नाही. ते रेकॉर्ड तालुक्याच्या कोर्टाच्या रेकॉर्ड रूममध्ये कापडात बांधून पडलं होतं. मागणीचं पत्र एकदा गेलं होतं, त्याला उत्तर आलं नाही आणि स्मरणपत्र काढा असं कुणी म्हटलंच नाही. आजोबांनी अर्ज दिला, न्यायाधीशांनी स्मरणपत्र काढायला सांगितलं आणि पुढच्या काही तारखांतच गठ्ठा जिल्ह्याला पोहोचला. त्या अपिलात न्यायाधीशांची दिरंगाई नव्हती आणि समोरच्याची चलाखीही नव्हती. अडलेल्या जागेवर कुणी बोट ठेवलं नव्हतं, इतकंच.

तुमच्या पत्रावरून तीन जागांची मला शंका येते. त्यातली पहिली वारसांची.

धाकटे भाऊ वारले. त्यांचे वारस अपिलात लावून घेणं हे अपील करणाऱ्याचं, म्हणजे थोरल्या भावाचं काम आहे. मुदतीच्या कायद्याप्रमाणे त्याला मृत्यूपासून 90 दिवस मिळतात. त्या मुदतीत वारस लावले नाहीत तर मृत व्यक्तीपुरतं अपील आपोआप बारगळतं. ते बारगळणं रद्द करून घ्यायला आणखी 60 दिवस असतात आणि त्यानंतर उशीर माफ करण्याचा अर्ज द्यावा लागतो. वाटपाच्या प्रकरणात सगळे हिस्सेदार हजर असावे लागतात, त्यामुळे एकापुरतं बारगळलेलं अपील पूर्णच बारगळलं, असा युक्तिवादही होऊ शकतो. तुमचे वकील तो करू शकतात. पण ताई, त्यावर विसंबून बसू नका. वारस लावायला उशीर झाला म्हणून माणसाचा हक्क बुडू नये याकडे कोर्टाचा कल असतो आणि उशीर बहुधा माफ होतो. तांत्रिक मुद्द्यावर मिळवलेला विजय वरच्या कोर्टात टिकेलच असं नाही आणि त्यात आणखी वर्षं जातात.

त्याऐवजी अडथळा तुम्हीच दूर करा. वारस लावण्याचं काम भावाचं असलं तरी घाई तुम्हाला आहे. पुतण्यांची पूर्ण नावं आणि आजचे पत्ते तुम्हाला माहीत असतील, थोरल्या भावालाही ते नक्की माहीत आहेत. तरीही नोटीस 'पत्त्यावर राहत नाहीत' असा शेरा घेऊन परत येत असेल तर पुरसिस, म्हणजे कोर्टाला लेखी निवेदन, देऊन बरोबर पत्ता कोर्टापुढे ठेवा. भत्ता, म्हणजे नोटीस बजावण्याचं शुल्क, भरलाय का ते पाहा. अपीलकाराने भत्ताच भरला नाही म्हणून नोटीस निघालीच नाही, असं रोजनाम्यात फार वेळा सापडतं. तसं असेल तर ठरावीक तारखेच्या आत भत्ता भरण्याचा आदेश मागा. कुणी नोटीस मुद्दाम टाळत असेल तर दारावर चिकटवून किंवा वर्तमानपत्रात जाहीर करून बजावणी करण्याची सोय दिवाणी प्रक्रिया संहितेत आहे, तिची मागणी करा. पुतण्यांशी बोलणं होत असेल तर आणखी सोपं. त्यांनी वकीलपत्र दाखल केलं की नोटिशीचा विषयच संपतो.

दुसरी शंका स्थगितीची आणि माझ्या मते तुमच्या प्रकरणाचं मर्म इथे आहे. अपील चालू आहे म्हणून वाटप थांबलंय, असं तुम्ही गृहीत धरलेलं दिसतं. नुसतं अपील दाखल झाल्याने हुकूमनामा, म्हणजे कोर्टाने निकालात दिलेला आदेश, थांबत नाही. संहितेच्या आदेश 41 नियम 5 मध्ये हे स्पष्ट लिहिलंय. स्थगितीसाठी वेगळा अर्ज लागतो आणि त्यावर वेगळा आदेश लागतो. तो आदेश आहे का? असेल तर कायमचा आहे की 'पुढील तारखेपर्यंत' असा होता आणि पुढे वाढवलाच गेला नाही? आदेशाचा कागद स्वतः पाहा. स्थगिती नसेल तर आजही पुढे जाता येतं. शेतजमिनीचं प्रत्यक्ष वाटप संहितेच्या कलम 54 प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांमार्फत मोजणी करून होतं, तिकडे हुकूमनामा पाठवण्याची मागणी करता येते. गाळ्यांसाठी कोर्ट कमिशनर नेमून अंतिम हुकूमनाम्याची कारवाई मागता येते.

आणि स्थगिती असेल तर तिला अटी आहेत का ते बघा. भाऊ आठ वर्षं भाडं खातोय, जमीन कसतोय. उशिराने ज्याचा फायदा होतो त्याला अपील चालवण्याची घाई कशाला असेल? म्हणून लवकर सुनावणीच्या अर्जाच्या जोडीला दुसरा अर्ज द्या: गाळ्यांचं भाडं, निदान तुमच्या हिश्श्यापुरतं, दरमहा कोर्टात जमा करावं, मागचा हिशेब द्यावा आणि निकाल लागेपर्यंत मिळकत विकू नये की गहाण ठेवू नये. स्थगिती देताना कोर्ट तारण आणि अटी घालू शकतं, नंतर त्या बदलूही शकतं. भाड्याने दिलेल्या जागेच्या हुकूमनाम्याला स्थगिती देताना वाजवी रक्कम भरण्याची अट घालता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने आत्माराम प्रॉपर्टीज विरुद्ध फेडरल मोटर्स या प्रकरणात 2004 मध्येच सांगितलं आहे. ते प्रकरण घरमालक-भाडेकरूंचं होतं, पण त्यामागचं तत्त्व तुमच्या वकिलांना वापरता येईल. माझा अनुभव असा की उशिराची किंमत मोजावी लागायला लागली की समोरचा पक्षच अपील लवकर चालवा म्हणायला लागतो. मिळकत तिसऱ्याच माणसाला विकली जाण्याची भीती असेल तर लिस पेंडन्सची, म्हणजे या मिळकतीवर दावा चालू असल्याची, नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवली आहे का तेही विचारा. महाराष्ट्रात तिच्या नोंदणीला महत्त्व आहे.

तिसरी जागा म्हणजे खालच्या कोर्टाचं रेकॉर्ड. आलंय का, एवढंच विचारायचं. आलं नसेल तर आजोबांनी केलं तेच करा.

आता अर्जाकडे येऊ. 'अपील लवकर सुनावणीस घेऊन निकाली काढण्याबाबत' असा साधा अर्ज असतो, कलम 151 खाली, त्याच कोर्टात, त्याच न्यायाधीशांपुढे. ज्येष्ठ नागरिकांचं प्रकरण आधी घ्यावं असं संहितेत कुठेही लिहिलेलं नाही, त्यामुळे हा हक्क म्हणून मागता येत नाही. पण वय, आजारपण, वैधव्य, प्रकरणाचं जुनेपण पाहून प्राधान्य देणं पूर्णपणे न्यायाधीशांच्या हातात आहे आणि ते देतात. तुमच्या बाबतीत एक अडचण लक्षात घ्या. अपील भावाने दाखल केलंय. तुम्ही त्यात उत्तरवादी आहात आणि मूळ दाव्यात तुमचं वय 2011 सालचं, म्हणजे पंचावन्न लिहिलेलं आहे. ती फाइल उघडणाऱ्या न्यायाधीशांना समोर पंचावन्न वर्षांची बाई दिसते. आजचं वय, आधारकार्डाची प्रत आणि ऑपरेशनचा डिस्चार्ज कार्डाचा कागद अर्जाला जोडल्याशिवाय ते कुणाला कळणार नाही.

अर्ज दोन पानांवर जाऊ देऊ नका. दावा कधीचा, निकाल कधीचा, अपील कधीचं हे एका परिच्छेदात. मग रोजनाम्यातून काढलेला हिशेब, किती तारखा झाल्या आणि कशामुळे पुढे गेल्या. इथे कुणावरही राग काढू नका, न्यायाधीशांवर तर मुळीच नाही, नुसत्या नोंदी द्या. त्या स्वतःच बोलतात. मग तुमचं वय, तब्येत आणि भाड्याची स्थिती. आणि शेवटी ज्या वाक्याला न्यायाधीश खरी किंमत देतात ते वाक्य: 'उत्तरवादी युक्तिवादासाठी तयार आहेत, त्या तहकुबी मागणार नाहीत, युक्तिवादाला अमुक इतका वेळ लागेल आणि लेखी युक्तिवाद सोबत दाखल केला आहे.' शेवटचं खरं असायला हवं. लेखी युक्तिवाद खरोखर तयार ठेवा. जिल्हा न्यायाधीशांच्या बोर्डावर रोज जामीन, साक्षी, फौजदारी खटले असतात. दुपारनंतर मोकळा झालेला अर्धा तास ज्या अपिलाची टाचणं तयार आहेत त्याला मिळतो. मी स्वतः अपिलाच्या फाइलला रंगीत चिठ्ठ्या लावतो: सातबारा अमुक निशाणीला (पुराव्याच्या कागदाच्या क्रमांकाला), फेरफार अमुक निशाणीला, भावाच्या उलटतपासणीतलं कबुलीचं वाक्य अमुक पानावर. तुमच्या वकिलांना हे करायला सांगताना संकोच करू नका.

अर्ज दिल्यावर एक सापळा असतो, त्यात हमखास वेळ जातो. कोर्ट अर्जावर लिहितं, 'दुसऱ्या बाजूने से (लेखी म्हणणं) द्यावा.' मग समोरचे वकील से द्यायला एक तारीख मागतात, दुसरी मागतात आणि लवकर सुनावणीचा अर्जच सहा महिने पडून राहतो. म्हणून से साठी एकच मुदत मागा, ती उलटली की 'से नाही' असा आदेश करून अर्जावर निर्णय मागा. आदेश लेखी हवा. 'साहेब बघतो म्हणाले' हा आदेश नाही. अर्ज मंजूर झाला तर ठरावीक तारीख आणि त्यानंतर जवळजवळच्या तारखा मागा, नाहीतर 'लवकर' म्हणून मिळालेली तारीखही तीन महिन्यांनंतरची असते. समोरचे त्या तारखेलाही तहकुबी मागू लागले तर कलम 35ब खाली खर्च बसवण्याची विनंती करा. रक्कम छोटी असते, पण रोजनाम्यात कुणामुळे तारीख गेली याची नोंद राहते.

वेळेचंही एक गणित आहे, ते वकील सहसा सांगत नाहीत. न्यायाधीशांच्या बदल्या उन्हाळी सुट्टीच्या आसपास होतात. मार्च-एप्रिलमध्ये अर्धा युक्तिवाद झाला आणि न्यायाधीश बदलून गेले, तर नव्या न्यायाधीशांपुढे तो पहिल्यापासून करावा लागतो. त्यामुळे शक्य असेल तर दिवाळीनंतरच्या महिन्यांत अपील चालवायला लावा.

आणखी एक गोष्ट, युक्तिवाद सुरू होण्याआधी करायची. तुमचा हिस्सा पुन्हा मोजून घ्या. सर्वोच्च न्यायालयाने 11 ऑगस्ट 2020 रोजी विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा या निकालात ठरवलं की मुलगी जन्मानेच सहदायाद, म्हणजे वडिलोपार्जित मिळकतीत मुलासारखीच हिस्सेदार, असते आणि 9 सप्टेंबर 2005 रोजी वडील हयात असण्याची गरज नाही. तुमचा निकाल 2017 चा आहे आणि वडील आधी वारले म्हणून तुमचा हिस्सा कमी धरला आहे. मिळकत वडिलोपार्जित असेल आणि 20 डिसेंबर 2004 पूर्वी नोंदणीकृत दस्ताने किंवा हुकूमनाम्याने वाटप झालेलं नसेल, तर वाढीव हिश्श्याचा मुद्दा मांडता येईल. त्यासाठी हरकत अपील, म्हणजे क्रॉस ऑब्जेक्शन, दाखल करायचं की त्याच अपिलात मुद्दा घ्यायचा हे वकिलांशी बसून ठरवा. मुदत उलटून गेली असली तरी कोर्ट उशिराने परवानगी देऊ शकतं. पण जे काही दाखल करायचं ते लवकर सुनावणीच्या अर्जाच्या आधी करा. 'तयार आहोत' असं लिहून दिल्यावर पुढच्या महिन्यात नवा अर्ज घेऊन गेलात तर तुमच्या शब्दाला वजन राहत नाही.

भावाकडूनही शेवटच्या क्षणी नवे कागद दाखल करण्याचा अर्ज येऊ शकतो, आदेश 41 नियम 27 खाली. घाबरू नका. तो अर्ज अंतिम युक्तिवादाच्या वेळी अपिलाबरोबरच ऐकायचा असतो, त्याच्यासाठी अपील थांबवायचं कारण नाही, एवढं तुमच्या वकिलांनी ठामपणे सांगावं. आणि सुनावणीच्या दिवशी भाऊ व त्याचे वकील गैरहजर राहिले, अपील काढून टाकलं गेलं, तरी आनंद मानू नका. तसं काढलेलं अपील अर्ज करून पुन्हा नंबरावर घेता येतं. तुम्हाला गुणदोषांवरचा निकाल हवा आहे.

त्याच न्यायाधीशांकडून दाद मिळाली नाही तर पुढची पायरी प्रधान जिल्हा न्यायाधीश. तुमचं अपील ज्या कोर्टाकडे वर्ग झालंय तिथे फार बोजा असेल तर कलम 24 खाली ते त्याच इमारतीतल्या दुसऱ्या जिल्हा न्यायाधीशांकडे वर्ग करण्याचा अर्ज करता येतो. न्यायाधीशांबद्दल तक्रार न करता, केवळ वय आणि प्रकरणाचं जुनेपण सांगून.

हायकोर्टातलं रिट त्यानंतर. राज्यघटनेच्या अनुच्छेद 227 खाली खालच्या कोर्टाला मुदत घालून द्या अशी याचिका पूर्वी सर्रास होई. पण 29 फेब्रुवारी 2024 रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने अलाहाबाद हायकोर्ट बार असोसिएशनच्या प्रकरणात सांगितलं की इतर कोर्टांतल्या प्रकरणांना अशी मुदत नेहमीच्या पद्धतीने घालू नये, अपवादात्मक परिस्थितीतच घालावी. कारण पटण्यासारखं आहे: जो हायकोर्टापर्यंत जाऊ शकतो त्याचं प्रकरण पुढे सरकतं आणि जो जाऊ शकत नाही तो मागे पडतो. म्हणजे दार बंद नाही, पण तुमचं प्रकरण अपवाद का, हे दाखवावं लागेल. ते दाखवायला हातात काय लागेल? रोजनामा, तुमचा लेखी अर्ज आणि त्यावरचा आदेश. म्हणून तर पहिली पायरी गाळून चौथीवर उडी मारू नका म्हणतोय.

पत्रांचं थोडक्यात. मुख्यमंत्री किंवा राष्ट्रपती तुमच्या अपिलाची तारीख ठरवू शकत नाहीत, त्या पत्रांवर टपालखर्चही करू नका. न्यायाधीशांना खाजगीत भेटणं, त्यांच्या नावे घरी पत्र पाठवणं हे कधीही करू नका. त्याने तुमचंच नुकसान होईल.

वकील बदलावा का? आज नाही. आधी त्यांच्यासमोर वही ठेवून शांतपणे विचारा: स्थगितीचा आदेश कुठला, रेकॉर्ड आलं का, लवकर सुनावणीचा अर्ज कधी देणार? उत्तरं मिळाली तर तेच वकील उत्तम, कारण पुरावा त्यांना पाठ आहे. दोन महिने टोलवाटोलवी झाली तर मात्र ना-हरकत घेऊन दुसरे नेमा. फी परवडत नसेल तर जिल्हा न्यायालयाच्या आवारातच जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय असतं. 1987 च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम 12 प्रमाणे स्त्रीला मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे, तिचं उत्पन्न कितीही असो. ही भीक नव्हे, तुमचा हक्क आहे.

आणि एसटीचे ते तीन तास दर तारखेला घालवू नका. अपिलात नवे साक्षीदार सहसा नसतात, युक्तिवाद वकील करतात, तुमचे वकील हजर असले की तुम्ही नसल्याने बिघडत नाही. कोर्टाने बोलावलं, तडजोडीची बोलणी असतील किंवा अंतिम युक्तिवाद असेल तेव्हा जा. त्या वाचलेल्या दिवशी संध्याकाळी अ‍ॅपवर नोंद पाहा आणि वहीत उतरवा. गुडघे आणि पैसे दोन्ही वाचतील.

ज्या वाचकांची अपिलं मुंबई उच्च न्यायालयात आहेत त्यांनाही हेच लागू, फक्त भाषा वेगळी. तिथे वकील प्रीसिपी, म्हणजे लेखी विनंती, देऊन प्रकरण सर्क्युलेशनला, म्हणजे सुनावणीच्या यादीवर, घेतात, सुनावणी एक्स्पेडाइट (लवकर) करण्याचा अर्ज करतात. जुन्या पहिल्या अपिलांत पेपरबुक, म्हणजे प्रकरणाच्या कागदांचा बांधीव संच, तयार नसणं हे मोठं कारण असतं, तिथे स्वखर्चाने खाजगी पेपरबुक दाखल करण्याची परवानगी मागावी. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या जिल्ह्यांसाठी 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं आहे, तेव्हा आपली फाइल आता कुठे आहे ते आधी तपासावं.

हक्कसोडपत्राविषयी मला तळमळीने सांगायचंय. दमल्यामुळे सही करू नका. चौदा वर्षं लढून, निकाल हातात असताना, वैतागाच्या एका दुपारी दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात अंगठा उठवून आलेल्या बहिणी मी पाहिल्यात. परत वळवता न येणारी गोष्ट आहे ती. तडजोड वाईट नाही. उलट भावंडांच्या वाटपात चांगली तडजोड ही सगळ्यात लवकरची सुनावणी असते. पण ती गावातल्या बैठकीत नको. कोर्टाला सांगून अपील मध्यस्थीकडे किंवा लोकअदालतीत ठेवा. गाळ्यांची आणि जमिनीची आजची किंमत काढून, तुमचा हिस्सा किती होतो हे आकड्यांत लिहून मगच त्या टेबलावर बसा. लोकअदालतीतला निवाडा हुकूमनाम्यासारखाच असतो आणि त्यावर अपील नसतं. तुमच्यासाठी हे फायद्याचंही आहे आणि सावध राहण्याचंही: शब्दन् शब्द वाचून, एखादा विश्वासाचा माणूस शेजारी बसवून सही करा. पैसे नंतर देतो, हे मान्य करू नका. रक्कम त्याच दिवशी किंवा कोर्टात जमा झालेली असावी.

निकाल तुमच्या बाजूने लागला तर त्याच आठवड्यात उच्च न्यायालयात कॅव्हेट दाखल करा, म्हणजे भावाने दुसरं अपील केलं तर तुमचं ऐकल्याशिवाय स्थगिती मिळणार नाही. कॅव्हेट 90 दिवस चालतं, संपत आलं की नवं द्यायचं. दुसऱ्या अपिलात कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न निघाला तरच ते पुढे जातं, पुरावा नव्याने तोलला जात नाही. ती चढण आताच्यापेक्षा भावाला अवघड आहे.

तूर्त पुढच्या तारखेच्या आधी नकलेचा अर्ज द्या. रोजनामा हातात आला की मला पुन्हा लिहा आणि तीनच गोष्टी कळवा: स्थगितीच्या आदेशाची तारीख व त्यातला मजकूर, पुतण्यांच्या नोटिशीवरचा शेवटचा शेरा आणि रेकॉर्ड आल्याची नोंद आहे की नाही. अर्जात काय लिहायचं ते मग आपण ओळीओळीने बघू.